कुटुंबाचे पहारेकरी

(पनवेल येथे कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



या वर्गाच्या संयोजकांनी माझ्याकडे जो विषय सोपविला तो ऐकून प्रथम मी थोडा चकित झालो. अमेरिकेत ख्रिस्ती धर्माच्या नावाने ‘पारंपरिक कुटुंबमूल्यां’चा पुरस्कार करणारे जे दबावगट आहेत त्यांच्याविषयी बोला, असे त्यांचे म्हणणे होते. पनवेलच्या कार्यकर्त्याला त्याचे काय? येथे तर पाणीटंचाई, विमानतळासाठी गेलेल्या जमिनी आणि कंत्राटी कामगार हे प्रश्न उशाशी आहेत. परंतु विचार करू लागलो तसे ध्यानी आले की हा विषय वाटतो तितका दूरचा नाही. तो आपल्या गावकुसाच्या आत आहे. किंबहुना आपल्या घरात आहे. तिथपर्यंत मी शेवटी येणारच आहे. प्रथम अमेरिका.

१९७० नंतरच्या दशकात तेथे या चळवळीने संघटित रूप घेतले. १९७२ मध्ये स्त्री-पुरुष समानतेची घटनादुरुस्ती अमेरिकी काँग्रेसने संमत केली आणि ती राज्यांच्या मान्यतेसाठी गेली. ३८ राज्यांची मान्यता हवी होती. फिलिस श्लाफ्ली नावाच्या एका कॅथलिक बाईंनी तिच्याविरुद्ध मोहीम उभारली. या दुरुस्तीने गृहिणीचे संरक्षण जाईल, नवऱ्यावरची पोटगीची जबाबदारी संपेल, मुलींना सैन्यात जावे लागेल, असा त्यांचा प्रचार होता. १९८२ मध्ये मुदत संपली तेव्हा ३५ राज्यांवर गाडी अडकलेली होती. घरातील स्त्रीचे स्थान चूल हेच, असे देशभर फिरून सांगणाऱ्या या बाई स्वतः निवडणुका लढविलेल्या आणि पुढे कायद्याची पदवी घेतलेल्या होत्या, हा भाग वेगळा. १९७७ मध्ये जेम्स डॉब्सन यांची ‘फोकस ऑन द फॅमिली’ निघाली. १९७९ मध्ये जेरी फॉलवेल या धर्मोपदेशकाने ‘मॉरल मेजॉरिटी’ स्थापन केली. नंतर वॉशिंग्टनमध्ये बसून खासदारांना गाठण्याचे काम करणारी ‘फॅमिली रिसर्च कौन्सिल’ आली. गर्भपाताचा घटनात्मक हक्क देणारा १९७३ चा निकाल उलटविणे हे त्यांचे मोठे लक्ष्य होते. २०२२ च्या जूनमध्ये ते साध्य झाले. एकोणपन्नास वर्षे! चिकाटी कशाला म्हणतात हे आपल्या कार्यकर्त्यांनी त्यांच्याकडून शिकावे, असे मी उपहासाने म्हणत नाही.

परंतु मी अर्थशास्त्राचा मनुष्य. मला या साऱ्यात सर्वांत बोलकी वाटते ती एक वेगळीच तारीख. ९ डिसेंबर १९७१. देशभर पाळणाघरे आणि बालसंगोपन केंद्रे उभारण्याचे विधेयक अमेरिकी काँग्रेसच्या दोन्ही सभागृहांनी संमत केले होते. नोकरी करणाऱ्या आईला, विशेषतः गरीब आईला, त्याचा लाभ झाला असता. अध्यक्ष निक्सन यांनी नकाराधिकार वापरून ते परत पाठविले. खर्चाचे कारण त्यांनी दिलेच. परंतु त्यासोबत असेही म्हटले की याने मुले वाढविण्याची सामुदायिक पद्धत कुटुंबकेंद्रित पद्धतीवर मात करील. म्हणजे पाहा, कुटुंबाच्या नावाने जे नाकारले गेले ते कुटुंबाला मिळणारे साहाय्य होते. आजतागायत त्या संपन्न देशात बाळंतपणाची पगारी रजा देणारा देशव्यापी कायदा खाजगी नोकरीतील बाईसाठी झालेला नाही. १९९३ मध्ये बारा आठवड्यांची रजा मिळाली, ती बिनपगारी.

हे अपघाताने घडत नाही. मूल वाढविणे, म्हाताऱ्यांची शुश्रूषा, आजाऱ्याचे पथ्यपाणी, कामावर जाणाऱ्याचा डबा, या सर्व श्रमांना बाजारात किंमत आहे. घरात मात्र ते ‘प्रेम’ या खात्यावर जमा होतात आणि राष्ट्रीय उत्पन्नाच्या हिशेबातून गळतात. हे श्रम कोणी तरी फुकट करीत राहिले तर मालकाला मजुरी कमी देता येते आणि सरकारला पाळणाघर काढावे लागत नाही. ‘कुटुंबमूल्ये’ या शब्दाला भांडवलदार वर्गात इतका आदर का, याचे बरेचसे उत्तर येथे आहे. चर्चमधील सामान्य श्रद्धाळू बाई हा हिशेब करून मोर्चात जात नाही, हे मी जाणतो. ती भीतीने जाते. गाव ओस पडले, कारखाना बंद झाला, मुलगा व्यसनी झाला, या सर्वांचे एकच उत्तर तिला कोणी तरी दिलेले असते.

आता आपल्याकडे येतो.

महाराष्ट्रात ख्रिस्ती समाज एक टक्क्याच्या आसपास. त्याच्या एखाद्या संघटनेने येथे अमेरिकेसारखा दबदबा निर्माण करणे शक्यच नाही. तरीही, धर्माच्या नावाने कुटुंबनीतीचा पहारा करणाऱ्या ख्रिस्ती संस्थेशी मराठी समाजाची एक लढत झाली होती आणि ती शंभर वर्षांपूर्वीची आहे. रघुनाथ धोंडो कर्वे यांची. रघुनाथराव मुंबईच्या विल्सन कॉलेजात गणित शिकवीत. १९२१ मध्ये त्यांनी मुंबईत संततिनियमनाचे केंद्र सुरू केले. लंडनमध्ये मेरी स्टोप्स यांनी आपले केंद्र उघडले तेही त्याच वर्षी. नंतर त्यांनी या विषयावर पुस्तके लिहिली. विल्सन कॉलेज स्कॉटिश मिशनचे. चालकांनी त्यांच्यापुढे पर्याय ठेवला: हा प्रचार तरी सोडा किंवा नोकरी तरी. १९२५ मध्ये त्यांनी नोकरी सोडली. दोन वर्षांनी, जुलै १९२७ मध्ये, ‘समाजस्वास्थ्य’ निघाले आणि १९५३ मध्ये ते वारले तोवर चालले. स्वतःला मूल होऊ न देण्याचा निर्णय त्यांनी आणि मालतीबाईंनी घेतला होता. मासिकाचे अंक त्यांनी पदरमोड करून काढले. पगारदार प्राध्यापकाने पगारावर पाणी सोडणे ही काय गोष्ट आहे हे मला, आयुष्यभर महिन्याच्या एक तारखेची वाट पाहिलेल्या माणसाला, चांगले समजते.

येथे दोन गोष्टी नोंदविल्या पाहिजेत. पहिली अशी की ज्या मिशनने रघुनाथरावांना घालविले त्याच मिशनऱ्यांचे आपल्यावर ऋणही आहे. डॉ. जॉन विल्सन यांच्या पत्नी मार्गारेट यांनी मुंबईत मुलींच्या शाळा काढल्या. जोतीराव फुले स्कॉटिश मिशनच्या शाळेत शिकले आणि अहमदनगरला मिस फरार यांची मुलींची शाळा पाहून पुण्यात तशी शाळा काढण्याची उमेद त्यांना आली. स्त्रीला अक्षर द्यायचे, परंतु तिच्या गर्भाशयावरचा अधिकार द्यायचा नाही, ही त्या सुधारणेची हद्द होती. पाच वर्षांनी, १९३० मध्ये, इंग्लंडच्या चर्चच्या लॅम्बेथ परिषदेने अपवादात्मक परिस्थितीत का होईना, संततिनियमनाच्या साधनांना मान्यता दिली. विल्सनचे चालक अर्थात दुसऱ्या पंथाचे होते. त्याच वर्षाच्या अखेरीस पोपनी मात्र नेमका उलट आदेश काढला. ‘पारंपरिक’ म्हणून जे मूल्य सनातन सांगितले जाते ते एका धर्मात, एकाच वर्षात, असे दोन वाटांनी जाते.

दुसरी गोष्ट अधिक कडू आहे. मिशनऱ्यांनी रघुनाथरावांची नोकरी घेतली. त्यांना न्यायालयात खेचले ते आमच्या सनातन्यांनी. १९३१ मध्ये अश्लीलतेचा खटला झाला, दंड झाला. १९३४ च्या खटल्यात बाबासाहेब आंबेडकर त्यांच्या बाजूने उभे राहिले, तोही हरले. १९३८ च्या नोव्हेंबरात बाबासाहेबांच्या स्वतंत्र मजूर पक्षातर्फे मुंबई विधिमंडळात संततिनियमनाचा ठराव आला, प्रभाकर रोहम यांनी तो मांडला. तो मोठ्या बहुमताने फेटाळला गेला. सत्तेवर त्या वेळी काँग्रेस होती हे सांगायला नकोच. गांधीजींचाही या साधनांना विरोध होता; मार्गारेट सँगर वर्ध्याला येऊन त्यांच्याशी वाद घालून गेल्या, तरी तो मावळला नाही. आपण समाजवादी गांधीजींचे ऋण मानतो, म्हणून हे झाकून ठेवण्याचे कारण नाही.

ही जुनी गोष्ट नवी होऊन पुन्हा आली ती सर्वोच्च न्यायालयात. १८६० च्या भारतीय दंडसंहितेतील कलम ३७७ ने समलिंगी संबंध गुन्हा ठरविले होते. व्हिक्टोरिया राणीच्या काळातील इंग्रजी नीतीची ती देणगी. २००९ च्या जुलैमध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने प्रौढांच्या संमतीच्या संबंधांपुरते ते रद्दबातल केले. त्याविरुद्ध सर्वोच्च न्यायालयात कोण कोण गेले? अपोस्टोलिक चर्चेस अलायन्स गेली. उत्कल ख्रिश्चन कौन्सिल गेली. मुस्लिम पर्सनल लॉ बोर्ड गेले. एक ज्योतिषी गेले; त्यांच्याच नावाने तो खटला ओळखला जातो. आणि ‘क्रांतिकारी मनुवादी मोर्चा’ नावाची एक संघटनाही गेली. एरवी एकमेकांचे तोंड न पाहणारे हे सारे एका बाकावर बसले. ११ डिसेंबर २०१३ ला ते जिंकले. ६ सप्टेंबर २०१८ ला हरले. कोणत्या प्रश्नावर धर्माधर्मांत तत्काळ एकमत होते ते पाहावे. दलितांच्या मंदिरप्रवेशावर झाले नाही, दुष्काळावर झाले नाही. शयनगृहावर झाले.

तरी सरसकट शिक्का मारू नये. २०१३ च्या निकालानंतर मुंबईचे तत्कालीन आर्चबिशप कार्डिनल ऑस्वल्ड ग्रेशस यांनी जाहीरपणे सांगितले की समलिंगी विवाह चर्चला मान्य नाही, परंतु अशा व्यक्तींना आम्ही कधीही गुन्हेगार मानलेले नाही. पाप आणि गुन्हा यांतील हा भेद मोठा आहे. एखाद्या धर्माने आपल्या अनुयायाला काय पाप आहे ते सांगावे. पोलिसाला सांगू नये. आपली रेषा येथे असावी.

आणखी एक गोष्ट आज बजावून सांगितली पाहिजे. ख्रिस्ती दबावगटांवर टीका करताना आपल्या शेजारी टाळ्या वाजविणारा कोण आहे ते पाहून घ्यावे. १९९९ मध्ये ओरिसात ग्रॅहम स्टेन्स आणि त्यांची दोन लहान मुले मोटारीत जाळली गेली. प्रार्थनासभांवर हल्ले होण्याच्या बातम्या आपण वाचतो. जो समाज स्वतः भयाखाली आहे तो आपल्या रूढींना अधिकच घट्ट धरतो. हे मुसलमानांत झाले, ख्रिस्ती समाजातही होते. आपली टीका त्या समाजातील स्त्रीच्या बाजूची हवी, त्या समाजाच्या विरुद्धची नव्हे.

या स्त्रीविषयी थोडे सांगतो. नव्वदीच्या सुरुवातीला माझी एक माजी विद्यार्थिनी मला भेटायला आली. मूळ नगर जिल्ह्यातील मराठी ख्रिस्ती कुटुंब, वडील शिक्षक. नवरा मारीत असे. तिने हाताची घडी केली होती. नंतर माझ्या लक्षात आले की उजवे मनगट झाकण्यासाठी. वकिलाने तिला सांगितले होते की घटस्फोट मिळणार नाही. का? तर १८६९ च्या भारतीय घटस्फोट कायद्याप्रमाणे ख्रिस्ती नवऱ्याला पत्नीचा व्यभिचार तेवढा सिद्ध केला की पुरत असे. पत्नीला मात्र व्यभिचार आणि त्याच्या जोडीला क्रौर्य किंवा दोन वर्षांचा परित्याग, असे दुहेरी सिद्ध करावे लागे. नवरा नुसताच मारतो, बाहेर जात नाही. म्हणजे कायद्याच्या दृष्टीने तो पुरेसा वाईट नाही! शिवाय जिल्हा न्यायालयाचा हुकूम उच्च न्यायालयाकडून कायम व्हावा लागे. तिच्या पाळकांनी तिला प्रार्थना करण्याचा आणि सोसण्याचा सल्ला दिला होता. ते गृहस्थ दुष्ट नव्हते. त्यांना कुटुंब वाचवायचे होते.

ज्या कायद्याने तिला बांधले होते त्याचे मूळ १८५७ च्या इंग्लंडच्या कायद्यात आहे. इंग्लंडने १९२३ मध्ये स्त्री-पुरुषांतला हा भेद काढून टाकला. आपल्या विधी आयोगाने १९६० मध्ये ख्रिस्ती विवाहकायदा बदलण्याची शिफारस केली. विधेयक आले, लोकसभेबरोबर विरघळून गेले. नंतरची सरकारे म्हणत राहिली की ख्रिस्ती समाजाची मागणी येऊ द्या. समाजाची मागणी म्हणजे कोणाची? बिशपांची की मनगट झाकणाऱ्या मुलीची? अखेर १९९७ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने हा जुलूम घटनाबाह्य ठरविला आणि क्रौर्य किंवा परित्याग एवढ्यावर ख्रिस्ती स्त्रीला घटस्फोट मागता येईल असे सांगितले. संसदेला कायदा दुरुस्त करायला २००१ साल उजाडले. ख्रिस्ती स्त्रियांच्या संघटनांनी त्यासाठी अनेक वर्षे खस्ता खाल्ल्या होत्या आणि काही चर्चही त्यांच्याबरोबर होती, हे श्रेय त्यांना दिले पाहिजे. माझी विद्यार्थिनी १९९८ मध्ये मोकळी झाली. तेव्हा ती पस्तिशीत होती.

आता जमिनीकडे. अर्थशास्त्राचा मनुष्य जमिनीवर आल्यावाचून राहत नाही.

केरळात त्रावणकोरचा १९१६ चा ख्रिस्ती वारसा कायदा असा होता की बाप मृत्युपत्र न करता वारला तर मुलीला मुलाच्या हिश्शाच्या चौथा भाग किंवा पाच हजार रुपये, यांपैकी जे कमी असेल ते मिळे. कमी असेल ते! मेरी रॉय या शिक्षिकेने आपल्या भावाविरुद्ध दावा लावला. १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की १९५१ पासूनच हा कायदा लागू नाही, मुलीला समान वाटा आहे. त्यावर काय गदारोळ उठला! कुटुंबे मोडतील, भाऊबहिणीचे प्रेम आटेल, अशी हाकाटी झाली. निकालाचा परिणाम पुसून टाकण्यासाठी खटपटी झाल्या. आणि व्यवहारी माणसांनी त्याहून सोपा मार्ग काढला: मृत्युपत्र करून मुलीला वगळायचे. कायदा जिथे संपतो तिथे कुटुंबमूल्य सुरू होते.

हे ऐकताना तुमच्यापैकी काही जण हसलात. हसू नका. आपण पनवेलला बसलो आहोत. १९७० मध्ये सिडको आली आणि ठाणे, पनवेल, उरण या तालुक्यांतील ९५ गावांच्या जमिनी संपादनात गेल्या. १९८४ च्या जानेवारीत दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकरी उठला, गोळीबारात पाच जण हुतात्मे झाले. त्या रक्तातून साडेबारा टक्के विकसित भूखंडाचे तत्त्व आले आणि त्याची कीर्ती देशभर गेली. योग्यच झाले. परंतु त्या साडेबारा टक्क्यांत या गावच्या लेकींचा वाटा किती होता, हा प्रश्न आपण कोणत्या सभेत विचारला? सातबाऱ्यावर बहिणींची नावे लागायची ती ‘इतर हक्कात’. आणि पैसे येणार अशी कुणकुण लागली की हक्कसोडपत्राचा कागद तयार. १९५६ चा हिंदू वारसा कायदा होता. महाराष्ट्राने १९९४ मध्ये मुलीला वडिलोपार्जित मिळकतीत जन्मसिद्ध हक्क दिला, केंद्राने २००५ मध्ये. त्यातल्या एकाही कायद्याने हक्कसोडपत्र थांबविले नाही. कारण ते राजीखुशीचे असते. बहीण सही करते. कारण सही केली नाही तर माहेर तुटते. माहेर ही तिची एकमेव विमा पॉलिसी असते आणि तिचा हप्ता म्हणजे ही सही. केरळातील मृत्युपत्र आणि आपले हक्कसोडपत्र, यांत कायद्याची भाषा वेगळी, अर्थशास्त्र तेच.

एवढे बोलल्यावर माझा स्वतःचा कागद दाखविल्यावाचून खाली बसणे अप्रामाणिकपणाचे होईल. माझे वडील १९८६ मध्ये वारले. आमची याच तालुक्यात थोडी भातशेती होती, ती संपादनात होती. आम्ही दोन भाऊ, दोन बहिणी. मी तेव्हा कॉलेजात विषमतेचे अर्थशास्त्र शिकवीत होतो. लॉरेंझची वक्ररेषा फळ्यावर काढीत होतो. १९८७ मध्ये हक्कसोडपत्राचा मसुदा मीच लिहिला, कारण घरात अक्षर माझे चांगले. दोघी बहिणी एस.टी.ने आल्या, सह्या करून, आईच्या हातचे जेवून, संध्याकाळी परत गेल्या. मी प्रत्येकीला साडी दिली. त्या वेळी मला एका क्षणासाठीही असे वाटले नाही की मी काही अन्याय करीत आहे. मला वाटले, आमचे कुटुंब किती सुसंस्कृत! शेजाऱ्यांकडे मारामाऱ्या झाल्या, आमच्याकडे एक शब्द नाही.

पुढे भूखंड मिळाला, त्याची किंमत कोठल्या कोठे गेली. २००५ च्या दुरुस्तीवर एका शिबिरात मी व्याख्यान दिले. ते संपल्यावर मागे बसलेल्या एका बाईंनी विचारले, ‘सर, तुमच्या बहिणींचे काय?’ मला उत्तर देता आले नाही. थोरली बहीण तोवर वारली होती. धाकटीकडे गेलो तर ती म्हणाली, ‘दादा, आता कशाला? तुला काही कमी पडले का?’ तिला वाटले, मी तिच्याकडे काही मागायला आलो आहे.

माझ्या वाट्यातला अर्धा भाग मी तिच्या आणि थोरलीच्या मुलांच्या नावे केला. त्याचा मोठेपणा नाही. वीस वर्षे उशिरा, स्वतःच्याच सोयीने केलेला तो हिशेब आहे. धाकट्या भावाने आपल्या वाट्यातले काही दिले नाही. मी कुटुंब फोडले, असे त्याचे म्हणणे आहे आणि तो ते मनापासून म्हणतो. गणपतीला आता आमचे एकमेकांकडे जाणे नाही.

संयोजकांनी सांगितले आहे की चहानंतर प्रश्नोत्तरे आहेत. माझी एक विनंती आहे. आपापल्या शाखेत किती सभासदांच्या घरी हक्कसोडपत्र झाले आहे त्याची माहिती पुढच्या बैठकीपर्यंत काढा. नावे नकोत, आकडा पुरे. आणि तो आकडा काढण्याचे काम शाखेतील बहिणींकडे द्या, आपल्याकडे ठेवू नका.